अर्ध्या शनिवारच्या बाई

"तुम्ही नेमक्या कोणत्या?" असं कुणी विचारलं की बाई हातातला ब्रश कानावर खोचायच्या आणि उलट विचारायच्या, "तुम्हाला काय वाटतं?" मग विचारणाराच अडकायचा. तुम्हीही अंदाज बांधलाच असता. आपल्याला त्याशिवाय चहा गोड लागत नाही.

कडा गावच्या शाळेत बाई चित्रकला शिकवायच्या, मी मराठी. आडनावाच्या शेवटी 'कर', म्हणून मुख्याध्यापकांनी त्यांना आधी कोकणातल्या ब्राह्मण ठरवलं. डब्यात मटण दिसल्यावर मराठा केलं. वडिलांची गोल टोपी पाहिली आणि मुसलमान. खरं तर हे बेने इस्राएल, कोकणातले मराठी यहुदी. वडील साखर कारखान्यात फिटर म्हणून आले आणि इथलेच झाले. गावात यहुदी घर तेवढं एकच.

वडिलांनी आठवड्याची सुट्टी शनिवारी मागून घेतली होती. शनिवार हा यहुद्यांचा विसाव्याचा वार; त्या दिवशी घरात चूलही पेटायची नाही. त्यावरून गावाने त्यांना मारुतीचे कडक भक्त मानलं. हनुमान जयंतीला पहिला नारळ त्यांच्या हाती यायचा.

"मग फोडायचे?" मी विचारलं.

"नाही हो सर. खांदा दुखतो म्हणायचे. दर वर्षी."

बाई स्वतः मात्र शनिवारी कामावर यायच्या. "सकाळची शाळा असते ना, देव अर्धाच रागावतो," म्हणायच्या.

हे सगळं त्यांनी मांजरपाटावर रंगवलं. कापड दोरीवर टांगायचं, हातात छडी घ्यायची आणि एकेका चित्रावरून आपल्या घराची गोष्ट सांगायची. पहिला प्रयोग शाळेच्या पटांगणात झाला. संपल्यावर सरपंच उठले. "यहुदी म्हंजे यदुवंशीच की! आपल्यातलेच हाईत." टाळ्या पडल्या. बाई माझ्या कानाशी म्हणाल्या, "घ्या. दोन हजार वर्षांचा प्रश्न मिटला."

पुढे पुण्यातल्या एका संस्थेने बोलावलं. संयोजकांनी चित्रं पाहिली आणि त्यांचा चेहरा उतरला. "छान आहे, पण यात छळ कुठे आहे?"

"छळ कुणी केलाच नाही हो," बाई म्हणाल्या. "चौकशा मात्र सगळ्यांनी केल्या."

एका चित्राशी त्यांची छडी रेंगाळायची. वडील वारले तेव्हा त्यांना पुरायचं कुठे, हा प्रश्न आला. दोन ठिकाणी विचारलं. दोन्हीकडे हात जोडून सांगितलं, तुम्ही आमच्यातले नाही. हे कोण नाहीत, एवढं गावाला त्या दिवशी पहिल्यांदा पक्कं कळलं. शेवटी शेजारचे आप्पा म्हणाले, "आमी लिंगायत. आमी बी पुरतोच की. चला." पण खड्डा खणताना अडलं.

"आमच्यात बसवत्यात," आप्पा म्हणाले.

"आमच्यात झोपवतात," बाई म्हणाल्या.

आप्पांनी थोडा विचार केला. "झोपू द्या मग. जल्मभर कारखान्यात उभेच हुते."

इथे प्रेक्षक हसायचे. बाई हसायच्या नाहीत. छडी चित्रावर तशीच धरून हसू ओसरायची वाट पाहायच्या.

मागच्या वर्षी बाई अचानक गेल्या. लग्न केलेलं नव्हतं. भाऊ तिकडे इस्राएलमध्ये. त्याचा फोन आला. "तिला आपल्या लोकांत न्या. कोकणातल्या मूळ गावी आपली दफनभूमी आहे. मी बोलून ठेवलंय."

फोन आप्पांनी घेतला. "बापाजवळ जागा हाय की रं."

"बाबांच्या वेळी इलाज नव्हता, आप्पा. आता आहे."

आप्पांनी फोन माझ्या हाती दिला. सख्ख्या भावापुढे शेजाऱ्याने किती बोलावं?

रुग्णवाहिकेत आप्पा आणि मी बसलो. कोकणातली माणसं भली होती. त्यांनी सगळं रीतीप्रमाणे केलं, प्रार्थनेत एक शब्द चुकला नाही. बाई अखेर आपल्या लोकांत पोचल्या आणि त्यांतल्या एकानेही त्यांना कधी पाहिलेलं नव्हतं.

माती सारून झाली. मंडळी पांगली. आप्पा जागचे हलेनात. समुद्र जवळच होता आणि वाऱ्याने त्यांचं धोतर फडफडत होतं.

"आप्पा, निघायचं ना?"

"थांबा जरा," ते म्हणाले. "लई खारं वारं हाय इथं. पोरीला सवय न्हाई."