आक्काच्या रानातलं नगर

माझ्या आक्काच्या रानात सातवाहनांचं नगर पुरलेलं आहे, असं सांगून मी तिची विहीर थांबवली. नगर नव्हतं.

माघ सरत आलेला. ज्वारीची धाटं पिवळटलेली, बांधावरच्या करडईवर शेंदरी छटा चढलेली आणि हरभऱ्याच्या आंबूस वासानं सकाळची हवा जडावलेली. अशा ऋतूत माणसानं रानात जावं, हुरडा खावा आणि गप्प परत यावं. मी मात्र लातुरातल्या खोलीत बसून, खिडकीखाली क्लासच्या फलकांमधून पोरापोरींचा लोंढा वाहत असताना, संगणकाच्या पडद्यावर आक्काचं रान आकाशातून न्याहाळत होतो. पोटासाठी मी त्यांतल्याच एका क्लासात भौतिकशास्त्र शिकवतो. चार पर्याय, त्यांतला एक बरोबर, आणि तो मला ठाऊक: या नित्याच्या सवयीनं माणसाला जो एक आगाऊ ताठा येतो, तो माझ्यात भरपूर आहे. त्यात त्या हिवाळ्यात नांदेडला एका कार्यशाळेत जाऊन आलेलो. गाडलेल्या भिंती वरच्या पिकाच्या रंगातून कशा उमटतात, दगडी पायावरचं पीक आधी कसं सुकतं, बुजलेल्या खंदकावरचं उशिरापर्यंत हिरवं कसं राहतं, आणि आपल्या डोळ्यांना अगोचर अशा अवरक्त प्रकाशात हा भेद उपग्रहाला कसा लख्ख दिसतो, हे तिथल्या मॅडमनी असं काही उलगडून दाखवलं, की परतीच्या वाटेवर मला प्रत्येक शेताखाली राजवाडा दिसू लागला.

आणि आक्काच्या रानात तर दिसलाच! ओळीमागून ओळ, सारख्या मापाचे चौकोन, मधून काटकोनात जाणारे रस्ते. आमच्या भागातली जुनी गावं अशी नसतात; ती वाकडी, एकमेकांच्या अंगावर रेललेली असतात. इतकं शिस्तीचं वसवायला राजाच हवा, असा निष्कर्ष काढून मी गाडी पकडली.

पोचलो तेव्हा नारळ फुटला होता आणि पोकलेनचा पोलादी हात पहिल्या घावासाठी उचललेला होता. त्र्याण्णवच्या भूकंपानंतर आक्काच्या जुन्या विहिरीचं पाणी भूगर्भात कुठं सरकलं ते कुणालाच उमगलं नव्हतं. दर उन्हाळ्यात ती कोरडी पडे. यंदा नव्या विहिरीचा योग आला होता.

"आक्का, थांबव! खाली नगर हाय. दोन हजार वर्षांपूर्वीचं."

"मग असू दे की," आक्का म्हणाली. "ते काय पाणी पिऊन राहिलं का?"

तरीही तिनं थांबवलं, कारण घरात शिकलेला मीच. पोकलेनवाल्यानं माझ्याकडं पाहत कपाळावरचा घाम पुसला. "सर, म्होरं देवणी गावात काम हाय माझं. एकदा गेलो की परत कवा येईन, सांगता येत न्हाई." मशीन ट्रेलरवर चढून निघून गेलं. आक्का गोठ्यातल्या चंद्रीच्या, तिच्या त्या ठिपक्याठिपक्यांच्या देवणी गाईच्या, पाठीवर हात फिरवत राहिली. "ऊन तापायच्या आत पाणी न्हाई लागलं, तर हिला दुसऱ्याच्या दावणीला बांधावं लागंल बघ मला."

मग माझ्या संभ्रमाचा काळ सुरू झाला. मोबाइलवर नगर, आणि पायांखाली नुसती ढेकळं. पडदा उत्तरेला फिरवला की राजमार्ग बांधावर चढे, दक्षिणेला फिरवला की गोठ्यात शिरे. वरून जे इतकं निःसंदिग्ध होतं, ते खाली येताच मृगजळासारखं विरघळून जाई. आणि मी, दुपारच्या त्या पांढऱ्या उजेडात, ज्वारीच्या विरळ ताटांमधून स्वतःच्याच चित्रात वाट चुकलेल्या माणसासारखा हिंडत राही. एकदा मातीत वाकडा, गंजलेला लोखंडी हूक सापडला. लोहयुग! मी तो रुमालात गुंडाळून नांदेडला फोन लावला.

मॅडम आल्या. त्यांनी ना हूक पाहिला, ना माझा पडदा. रानात फेरी मारून त्यांनी आक्काला विचारलं, "ताई, इथं पीक दरसाल असंच पातळ येतं का?"

"हाव. मुरूम हाय ना खाली."

"मुरूम कुणी टाकला?"

"सरकारनं. शेडा होत्या की हितं, भूकंपाच्या."

गाव पडल्यावर, नवं गाव उभं राहीपर्यंत लोक ज्या पत्र्याच्या शेडमध्ये राहिले, त्यांच्या त्या ओळी. तो सारखेपणा राजाचा नव्हता, आपत्तीचा होता. माझं लोहयुग म्हणजे पत्रा आवळायचा हूक.

"मग त्याच दिवशी का नाही सांगितलंस?" मी चिडून विचारलं.

"तू दोन हजार वर्सं म्हणलास. मला वाटलं, शेडांच्या बी खाली असंल."

मॅडम हसल्या नाहीत. "अवशेषच आहेत हे, सर," त्या म्हणाल्या. "फक्त तुम्हाला हवे तेवढे जुने नाहीत."

त्या वाक्यानं तर मी अधिकच गोंधळलो. कारण त्यांतल्या एका शेडमध्ये मी येऊन गेलो होतो. आक्काची सासू आणि दीर त्या पहाटे ढिगाऱ्याखाली गेले, आणि पुढच्याच चैत्रात त्या शेडमध्ये तिला लेक झाली. बाळ पाहायला मी गेलो, तेव्हा उन्हानं तडतडणारा पत्रा, रॉकेलचा आणि धुरीतल्या ओव्याचा मिसळलेला वास, झोळीवरचं ओलं फडकं... उकाडा सोसवेना म्हणून परीक्षेचं निमित्त सांगून मी दुसऱ्याच दिवशी पळालो. पुढं पत्रे गेले, मुरूम नांगराखाली गेला, आणि त्या शेडा नेमक्या कुठं होत्या हे विचारायचं मला कधी सुचलंही नाही. माणसं जिथं रडली, जन्मली, भांडली, ती जागा प्राचीन व्हायला किती काळ लागतो? आणि तोवर ती काय असते?

शिमगा उलटल्यावर पोकलेन परत आलं. चंद्री अजून आपल्याच दावणीला होती. मी विहिरीच्या जागेवर मोबाइल आडवा-उभा फिरवत उभा राहिलो. त्या सगळ्या सारख्या चौकोनांत आक्काचा कुठला, ते काही केल्या ठरेना.

"आक्का, विहीर जराशी पलीकडं घेऊ या का? हा चौकोन तुझाच असावा, असं वाटतंय."

"कशाला?"

"आठवण राहील."

"मला हाय आठवण. तुला ठेवायची होती, तर तवा चार रोज राहायचं होतंस," आक्का म्हणाली. "आता सरक तिथून, मशीनच्या आडवा उभा हाईस."