समोसाही खाण्यातच धरा

"ट्रिपल व्हेसल डिसीज," नागपूरचे डॉक्टर म्हणाले. म्हणजे हृदयाला रक्त पुरवणाऱ्या तिन्ही मोठ्या नळ्या अडलेल्या. बायपास करावी लागेल. पायातली शीर काढून रक्ताला नवी वाट करून द्यायची. ह्यांनी शेजाऱ्याच्या दुखण्याचं ऐकावं तशी मान हलवली.

हे बालाघाटच्या बसस्टँडवर तिकिटं फाडतात. सकाळची उकव्याची बस सुटली की समोरच्या हॉटेलातले दोन समोसे, वरून कढी. हा नेम आमच्या लग्नाआधीपासूनचा. छातीत जळजळायचं, तर ॲसिडिटी म्हणून लिंबू-सोडा घ्यायचे. मग एक दिवस बसमध्ये चढताना घाम फुटला आणि डावा हात भरून आला.

डॉक्टरांनी खाण्यापिण्याचं विचारलं. हे म्हणाले, "बाहेरचं काई नाई खात जी. घरचा वरन-भात." मीही हो म्हटलं. आमचा भाग धानाचा. भात पोटात गेला तरच माणूस जेवला. समोसा कोण धरतो?

ऑपरेशनच्या सकाळी सिस्टरने विचारलं, "काही खाल्लं नाही ना?"

"नाई जी, उपाशीच आहो."

ती गेल्यावर मी चादर सारखी करत होते. ह्यांच्या बोटांना तेलाचा वास आला.

"अवो, समोसा खाल्ला का तुमी?"

"हौ, खालच्या टपरीवर. पर भात कुठी खाल्ला?"

मी धावत जाऊन सिस्टरला सांगितलं. ऑपरेशन पुढे ढकललं. हे माझ्यावरच चिडले. भूल देणारे डॉक्टर त्यांच्याजवळ बसून म्हणाले, "भरल्या पोटी भूल दिली असती, तर अन्न उलटून फुप्फुसात गेलं असतं. जिवावर बेतलं असतं."

हे खोटं बोलले नव्हते. त्यांच्या लेखी ते खरंच उपाशी होते, आणि त्याचीच मला जास्त भीती वाटली.

दुसऱ्या दिवसापर्यंत जीव टांगणीला लागला होता. मध्येच कळ आली तर? ह्यांना जरा खोकला आला तरी मी उठून बसायची. ऑपरेशन नीट झालं. आयसीयूत, म्हणजे अतिदक्षता विभागात, काचेतून ते हात हलवताना दिसले तेव्हा मी भिंतीला टेकून खालीच बसले. त्या डॉक्टरांचे उपकार ह्या जन्मी फिटायचे नाहीत.

तुमच्यावर अशी वेळ आली तर डॉक्टरांना नुसतं जेवण सांगू नका. तोंडात गेलेलं सगळं सांगा.

मागच्या महिन्यात ह्यांना रक्त तपासायला नेलं. सिस्टरने विचारलं, "काही खाल्लं का?"

हे बराच वेळ आठवत राहिले. मग म्हणाले, "तुळशीचं एक पान खाल्लं जी. सांगून ठेवतो."

सिस्टर हसली. मला मात्र तिथेच रडू कोसळलं.