काळू नदीच्या खडकांत

स्वातंत्र्य मिळून तीन-चार वर्षं झाली असतील. नवरात्र संपताच हे आणि मी ठाण्याहून निघालो, कल्याणला गाडी बदलून टिटवाळ्याला उतरलो आणि काळूच्या काठाकाठाने मामांच्या गावी पायी गेलो. दोन दिवस तांदळाच्या भाकऱ्या आणि मासळीचं कालवण यांवर आडवा हात मारला.

तिसऱ्या दिवशी वर डोंगरात पाऊस झाला नि पायवाट पाण्याखाली गेली. दुसऱ्याच दिवशी मला ठाण्याच्या शाळेत शिकवायला हजर राहायचं होतं. होडीतून टिटवाळ्याला सोडायला मामांनी गोमाजी नावाच्या आगरी नावाड्याला गळ घातली.

गोमाजीने आधी आमच्या वहाणा काढायला लावल्या, ह्यांच्या गळ्यातली पिशवी उतरवली.

"पान्यान (पाण्यात) परलाव तं उबं र्‍हायाचं नाय. उतानं व्हयाचं, पाय फुरं (पुढे)."

"अहो, मी ठाण्याच्या तळ्यात पोहत मोठा झालो," हे हसले.

"तलं निजलेलं असतं, सायेब. ही धावते."

होडी निघाली. दोन्ही अंगांना भात पिवळं पडू लागलं होतं. ते बघण्यात मी रमले असतानाच वळणावर खडक आले. पाणी पांढरं झालं, होडी आडवी फिरली आणि उलटली.

नाकातोंडात पाणी गेलं. मी उताणी झाले, पाय पुढे केले. टाचा दोनदा दगडांवर आपटल्या आणि मी संथ पाण्यात काठाला लागले. वळून पाहते तर हे कमरभर पाण्यात उभे! पाऊल दगडांच्या फटीत अडकलेलं, आणि मागून येणारं पाणी त्यांना पालथं पाडतंय.

गोमाजीने खालच्या खडकावर चढून त्यांच्या छातीखाली वल्हं आडवं धरलं. "याच्यावर रेला! बाय, दोर आन!"

काठाला लागलेल्या होडीचा दोर सोडून मी वरच्या अंगाला धावले. पहिल्यांदा नेम चुकला. दुसऱ्यांदा ह्यांनी दोर धरला.

"फुरं नको, मागं खेच! पाय गेला तसाच निंगंल!" (निघेल.)

मी काठच्या झाडाला दोराचा वेढा देऊन ओढत राहिले. पाऊल सुटलं. गोमाजीने काठावर आणलं तेव्हा हे हुंदके देत होते.

तिथून पुढची वाट कोरडी होती; बैलगाडीने स्टेशन गाठलं. घरी शेजाऱ्यांना ह्यांनी सांगितलं, "घाटावर पाय घसरला." मी ते खोडलं नाही. त्यांचा तेवढा मान राखावा, असं वाटलं.

आठवड्याने शेजारचे वसंतराव मुलांना घेऊन त्याच नदीवर निघाले. हे लंगडत जिन्यापर्यंत गेले.

"वसंतराव, थांबा. मी खोटं बोललो. माझा पाय घसरला नव्हता."

आणि त्यांनी सगळं सांगितलं, रडण्यासकट. माझ्या लेखी आमचा प्रवास त्या जिन्यावर संपला. नदीतून हे केव्हाच बाहेर आले होते. घरी पोहोचायला त्यांना आठ दिवस जास्त लागले.