देऱ्यातली गोवरी

दुबईत पाऊल ठेवताच माझ्या दोन गोवऱ्या कचऱ्याच्या डब्यात गेल्या. विमानतळावरच्या अधिकाऱ्याने त्या हुंगल्या, माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाला, "खलास." काकांचं वर्षश्राद्ध होतं. आमच्या खानदेशात गोवरीच्या निखाऱ्यावर गेलेल्या माणसाच्या नावाने तूप-भाताचा घास टाकतात. काकूने जळगावहून तेवढंच मागवलं होतं. माझी मान खाली गेली.

नव्वदीचं दशक सरत आलं होतं. दुबईच्या देरा भागातल्या एका जुन्या इमारतीत काकू जेवणाचे डबे करून द्यायची. खिडकीतून समोर दुसऱ्या इमारतीची भिंत, बस्स. एक खोली तिने नोराला भाड्याने दिली होती. नोरा आयर्लंडची चित्रकार. शाळेत चित्रकला शिकवायची आणि उरलेल्या वेळात एकच चित्र काढायची, आईच्या चुलीचं. हॉलची भिंत चुलींनी भरली होती. आई वारलेली, भाऊ बोस्टनला, बहीण सिडनीला, गावच्या घराचं छप्पर खचलेलं.

"एकही बरोबर आलेली नाही," ती मला म्हणाली.

श्राद्धाच्या सकाळी मी तिच्याबरोबर अब्रातून (खाडी ओलांडायची लाकडी होडी) फिरून आलो. डिझेलच्या धुराने डोकं उठलं. "घरी कधी जाणार?" मी सहज विचारलं. "कुणाकडे?" ती म्हणाली.

परतलो तर जिन्यातच वेगळा धूर. नोरा थबकली, मग धावत वर गेली.

काकू खुशीत होती. गॅलरीत जुन्या कढईत निखारे फुललेले. "अरे सुधीर, एक गोवरी वाचली होती की! हॉलमध्ये पेपरात गुंडाळून ठेवलीस, सांगायचं नाही का?"

ती गोवरी नव्हतीच. तो टर्फ होता (दलदलीतून कापून वाळवलेला मातीचा तुकडा, आयर्लंडमध्ये चुलीत हाच जाळतात). आईच्या चुलीजवळून आणलेला शेवटचा तुकडा. चित्र काढताना नोरा तो समोर ठेवायची. मी हे सांगताच काकू पांढरीफटक पडली. "सॉरी बेटा, मेरेको मालूमच नहीं था," म्हणत पाणी आणायला धावली.

"विझवू नका," नोरा म्हणाली. ती फरशीवर बसून तो धूर छातीत भरून घेत होती आणि रडत होती. मला फार वाईट वाटलं.

काकूने तूप-भात कालवून वाटी तिच्यापुढे केली. "मम्मी के नाम से डालो."

"आईने भात कधी खाल्लाच नाही."

"तो क्या पसंद था उसको? मैं बनाती ना."

"आठवत नाही," नोरा म्हणाली. "आमचं सगळ्यांचं झाल्यावर ती जेवायची. आम्ही तोवर बाहेर पळालेलो असायचो."

काकूने निखाऱ्यांवर नुसतं तूप सोडलं. दुपारपर्यंत राख झाली. मी निघेपर्यंत नोराने कागदाला हात लावला नाही.

जळगावला पोहोचलो तेव्हा आईने कळण्याची भाकरी आणि भरीत वाढलं. "तूही बस," मी म्हटलं.

"तू जेव. मी बसते मागून."

"आई, तुला काय आवडतं गं?"

"मला काय, सगळंच चालतं," ती म्हणाली आणि दुसरी भाकरी आणायला आत गेली.