फेरविचाराचा अर्ज

डांबरगोळ्यांचा वास आला की रावपुऱ्यातल्या एक निवृत्त शिक्षिका आठवतात. गहाण घर सोडवण्याचा त्यांचा दावा मी नवखा वकील म्हणून चालवला; तो मुदत टळली म्हणून फेटाळला गेला. नंतर सावकारानं गहाण कबूल केल्याचं जुनं पत्र माझ्याच कपाटात सापडलं. त्यानं मुदत नव्यानं मोजली गेली असती. बाईंनी ते ट्रंकेतून काढून, डांबरगोळ्यांच्या वासासकट, मला पहिल्याच दिवशी दिलं होतं. मी फेरविचाराचा अर्ज केला. न्यायाधीशांनी विचारलं, "हे आधी का नाही दाखवलं?" मी फाईल चाळू लागलो. मागून बाई उठल्या. "साहेब, माझ्याच ट्रंकेत राहिलं होतं." हाताशी असलेला कागद नवा पुरावा ठरत नाही, म्हणून अर्जही फेटाळला गेला. बाहेर त्या म्हणाल्या, "वकीलसाहेब, तुमची अख्खी वकिली अजून पुढे आहे." ती मी केली, "चूक माझी होती" एवढं मात्र त्यांना कधीच म्हणालो नाही.