ओळखीचा आवाज

बातम्यावाल्या बाईंना चेहऱ्याने कुणी ओळखत नसे. पण दुकानात त्यांनी "एक साबण द्या" एवढं म्हटलं, तरी बाजूची माणसं वळून बघत. रेडिओवर संध्याकाळच्या बातम्या वाचणारा तो आवाज घरोघरी ताटावर बसल्या बसल्या ऐकला जायचा. फार गोड नव्हता. थोडा घोगरा, भारदस्त, कसलीच घाई नसलेला. पूर आले, सरकारं पडली, तरी तो कधी चढला नाही.

तो घडवला मावशीने. बाईंची आई लवकर गेली आणि मावशीने शिलाईचं दुकान चालवत भाचीला वाढवलं. मशीन चालू असताना ती तिला मोठ्याने वाचायला लावायची. "मशीनच्या वर ऐकू आलं पाहिजे, पण ओरडायचं नाही," असा तिचा हट्ट. आता मावशीचे गुडघे गेले होते. दुकान विकून आलेली सगळी रक्कम तिने बँकेत मुदत ठेवीत टाकली होती आणि आलेल्या व्याजावर तिचं बरं चाललं होतं.

त्या वर्षी मात्र सगळ्यांचीच ओढाताण सुरू झाली. बाईंचा नवरा फ्रिज दुरुस्त करायचा. सकाळी गिऱ्हाईकाला कॉम्प्रेसरचा भाव सांगून तो बाजारात जाई, तर घाऊक व्यापारी थंडपणे म्हणे, "तो सकाळचा भाव होता." पुढे पुढे नवऱ्याने भाव सांगणंच सोडून दिलं. "काय पडेल ते पडेल," म्हणायचा आणि गिऱ्हाईकाच्या तोंडाकडे न बघता पेटी आवरायचा. बातम्यांत महागाई तात्पुरती होती. बाई तसं वाचत होत्या.

एका शुक्रवारी मध्यवर्ती बँकेतला एक अधिकारी निवेदन घेऊन रेडिओ केंद्रावर आला. शर्ट कडक इस्त्रीचा, पण दाढी वाढलेली. निवेदनं एरवी शिपायाबरोबर यायची. हा स्वतः आला आणि स्टुडिओत बाईंच्या शेजारी खुर्ची ओढून बसला.

मजकूर छोटा होता. बाईंनी वाचून दाखवला. "नागरिकांच्या ठेवी सुरक्षित आहेत. सध्या काळजीचं कोणतंही कारण नाही."

"'सध्या'वर जोर नको," अधिकारी म्हणाला.

"दिलाच नाही मी."

"तरी ऐकू येतोय."

"मग शब्दच काढून टाका ना."

"नाही. तो राहावा म्हणून आमच्याकडे दुपारभर भांडणं झाली आहेत. काढला तर वाक्य खोटं होईल."

बाईंनी कागद खाली ठेवला. "नक्की काय चाललंय ते मला सांगा. वाचायचं मला आहे."

त्याने काचेपलीकडे बसलेल्या तंत्रज्ञाकडे पाहिलं. माइक बंद असल्याची खात्री केली. मग खालच्या आवाजात म्हणाला, "सरकारचा खर्च करांत भागत नाही. कर्जरोखे काढले तर घ्यायला कुणी पुढे येत नाही. मग ते आम्ही घेतो आणि त्या बदल्यात नवा पैसा सोडतो. हे थांबवा, व्याजदर वाढवा, असं आमचे गव्हर्नर म्हणाले. त्यांना घरी बसवलं. नवे आलेत, ते काहीच म्हणत नाहीत. बँकांनी ठेवींतला निम्मा पैसा तर सरकारच्याच रोख्यांत घातलाय, ज्यांना आता कुणी विचारत नाही."

"आणि लोक पैसे काढायला धावले तर?"

"तर सगळ्याच बँका बसतील. नाही धावले, तर कदाचित तगतील. म्हणून तर आलो. तुम्ही सांगितलंत तर लोक थांबतील."

बाईंनी वाचलं. एका दमात, न अडखळता. तंत्रज्ञाने काचेपलीकडून अंगठा दाखवला. अधिकारी मात्र रुमालाने मान पुसत राहिला.

घरी पोचतात तोच मावशीचा फोन. "शेजारीण ठेव मोडतेय गं. मीही मोडावी म्हणत होते. पण आत्ता तुझं ऐकलं आणि म्हटलं, राहू दे."

बाईंना वाटलं, सांगावं, काढून घे सगळं. पण मावशी शेजारणीला सांगणार, शेजारीण तिच्या भावाला, आणि सोमवारी बँकेच्या दारात अख्खी गल्ली.

"मावशी, ते मी नुसतं वाचलं. माझ्या मनाचं नव्हतं ते."

"आवाज तुझाच होता ना?"

"हो."

"मग झालं तर," मावशी म्हणाली आणि फोन ठेवला. बाईंनी पुन्हा लावला नाही.

सोमवारी बँका उघडल्याच नाहीत. त्या पुढच्या आठवड्यात उघडल्या, पण माणशी अगदी थोडी रक्कम मिळणार होती. ठेवी गोठवल्या होत्या. बाई मावशीला घेऊन रांगेत उभ्या होत्या. मावशीला उभं राहवेना, म्हणून त्यांनी रखवालदाराला विचारलं, "यांना आत बसायला काही मिळेल का?"

पुढची माणसं वळली. मग त्यांच्या पुढची. एक तरुण बाप, खांद्यावर झोपलेली मुलगी सावरत, हळूच म्हणाला, "तुम्हीच ना त्या?"

मावशीच बोलली. "तिचा घसा बसलाय."

त्यानंतर बाई बाहेर बोलेनाशा झाल्या. दुकानात बोटाने दाखवून वस्तू घ्यायच्या. केंद्रप्रमुखांना त्यांनी स्पष्ट सांगितलं, "बँकेचं निवेदन मी पुन्हा वाचणार नाही."

"बरं," ते म्हणाले. वाद घातला नाही, कारणही विचारलं नाही. बाईंना त्याचंच नवल वाटलं.

दुसऱ्या संध्याकाळी बाई स्वयंपाकघरात होत्या. मावशी आता त्यांच्याकडेच राहायला आली होती. व्याज बंद झाल्यावर तिला घरभाडं झेपत नव्हतं. ती शर्टाची विरलेली कॉलर उसवून उलटी करून लावत बसली होती. एवढ्यात रेडिओतून बाईंचा आवाज आला. ठेवी सुरक्षित आहेत. जुनं ध्वनिमुद्रण पुन्हा लावलं होतं. नवऱ्याने झटकन बटण बंद केलं, पण वरच्या मजल्यावर तो चालूच होता, समोरच्या घरातही, आणि खाली पानाच्या टपरीवरही. शांत, भारदस्त, कसलीच घाई नसलेला.

मावशीने शेवटपर्यंत ऐकलं. "मशीनच्या वर ऐकू येतं अजून," ती म्हणाली आणि सुईत दोरा ओवायला लागली. बाई गॅस बंद करून तिथेच उभ्या राहिल्या.

बाईंनी नोकरी सोडली. तरी ते ध्वनिमुद्रण कित्येक आठवडे वाजत राहिलं. मावशीची ठेव पुढे हप्त्याहप्त्याने सुटली, पण दुकानाच्या किमतीत तोवर जेमतेम दुकानाचं कुलूप आलं असतं. हाती येईल तो हप्ता ती त्याच दिवशी कापडात घालायची. "नोटा नासतात, कापड नासत नाही," म्हणायची. तागे आधी पलंगाखाली गेले, मग भिंतीला लागले, मग खिडकीसमोर रचले गेले. खोलीत खळीचा वास कोंडला आणि दिवसाही दिवा लावावा लागला.

मावशीची जुनी शेजारीण एकदा डोकावून गेली. काही न बोलता तिने तागे नजरेने मोजले. दुसऱ्या सकाळी कापडाच्या दुकानाबाहेर तिच्यासह निम्मी गल्ली उभी होती, आणि दुकानदाराने शटर अर्ध्यावर ओढून घेतलं होतं.