सोफ्यावरचा शॉट

शिमग्याला पालखी बसते त्या सहाणेवर आम्ही पडदा लावला होता. मुंबईकर गावात आलेले, त्यामुळे गर्दी चांगली होती. सुमनकाकी नवं लुगडं नेसून पुढच्या खुर्चीवर. पडद्यावरही काकीच होत्या, मुंबईला राहणाऱ्या दत्तारामच्या गावच्या घरात, हॉलमधल्या सोफ्यावर पाय वर घेऊन बसलेल्या. लोक आधी हसले. मग दत्ताराम उठून उभा राहिला.

मी एडिटर. राजापूरच्या आतल्या बाजूच्या या गावावर निखिलने केलेली फिल्म मी जोडली. निखिलची पद्धत ऑब्झर्व्हेशनल. म्हणजे कॅमेरा एका जागी ठेवायचा आणि गप्प बसायचं. कुणाला काही विचारायचं नाही, करायला सांगायचं नाही. निवेदन नाही, संगीत नाही. पद्धत वाईट नाही. तिच्यामुळेच काकी इतक्या खऱ्या दिसल्या.

गावातली निम्मी घरं वर्षभर बंद. त्यांच्या चाव्या काकींच्या कमरेला. तिन्हीसांजेला एकेक घर उघडायचं, देवापुढे दिवा लावायचा, पुन्हा कुलूप घालायचं. घर काळोखात राहू नये म्हणून. मूलबाळ नसलेल्या काकींना गावात मान होता तो या चाव्यांमुळे. मुंबईहून आलेला माणूस आधी त्यांच्या पाया पडायचा.

एका संध्याकाळी दिवा लावून काकी सोफ्यावर टेकल्या, पंखा लावला आणि त्यांचा डोळा लागला. निखिलने कॅमेरा चालूच ठेवला. रफ कट, म्हणजे पहिली कच्ची जोडणी, बघताना मी त्याला तो शॉट काढायला सांगितलं.

"का? फिल्मचा जीव आहे तो."

"घर त्यांचं नाही, निखिल. गाव बघणार आहे हे."

"कापलं तर ती ढवळाढवळ झाली. मी फक्त पाहतो."

मी चाकरमान्यांच्या घरातली. वर्षातून दोनदा उघडणाऱ्या घरातल्या सोफ्यावरचं प्लास्टिकसुद्धा आमच्याकडे काढत नाहीत. हेही सांगून पाहिलं. निखिलला ते फारच आवडलं, आणि शॉट आणखी लांबला. शेवटचा शब्द दिग्दर्शकाचा असतो.

दत्ताराम ओरडला वगैरे नाही. काकींसमोर येऊन त्याने हात पुढे केला. "काकी, चावी द्या."

"पाय दुखत हुते रे, म्हनून टेकले जरा," काकी म्हणाल्या.

हात तसाच राहिला. मग बाकीचेही एकेक करून आले. काकी खाली मान घालून जुडग्यातून चाव्या सोडवत होत्या. मी निखिलकडे पाहिलं. तो मोबाइलवर शूट करत होता. माझ्या तोंडी आलेल्या शिव्या इथे लिहिण्यासारख्या नाहीत.

फिल्म महोत्सवांत गेली. एका ठिकाणी निखिल म्हणाला, त्या माणसांच्या आयुष्यात मी काहीही बदललं नाही. टाळ्या पडल्या. मी उठून बाहेर आले.

पुढे काकींना भेटायला गेले. बंद घरांत आता टायमरचे बल्ब आहेत, तिन्हीसांजेला आपोआप लागतात. काकी ओटीवर बसून ते बघत होत्या.

"पाय अजून तिकडंच वळतात गो," म्हणाल्या.

न कापलेला शॉटही कुणाला तरी कापतो. ही गोष्ट एडिटिंग शिकवताना कुणी सांगत नाही.